सूत्र हे एक चित्र असते: चिन्हे, बीजगणित आणि तर्कशास्त्राचे गणित

जुलै २०२४ मध्ये संगणकाच्या दोन प्रणालींनी मिळून आंतरराष्ट्रीय गणित ऑलिंपियाडच्या सहा प्रश्नांपैकी चार प्रश्न सोडवले आणि ४२ पैकी २८ गुण, म्हणजे रौप्यपदकाच्या पातळीचे गुण मिळवले. ही बातमी अनेकांनी वाचली असेल. माझे लक्ष मात्र तिच्यातील एका तपशिलाकडे गेले. ते प्रश्न यंत्राला देण्यापूर्वी माणसांनी स्वतःच्या हाताने एका काटेकोर चिन्हभाषेत उतरवले होते आणि अल्फाप्रूफ या प्रणालीने आपल्या सिद्धता 'लीन' नावाच्या अशाच एका भाषेत मांडल्या. चिन्हांची एक ओळ नियमाप्रमाणे बदलून दुसरी ओळ मिळवायची आणि शेवटची ओळ खरी असल्याची खात्री बाळगायची, हे मुळात शक्य का होते? कागदावरच्या खुणांची उलटापालट केल्याने जगाविषयीचे सत्य कसे हाती लागते?

या प्रश्नाचे मला सर्वांत समाधानकारक वाटणारे उत्तर एकोणिसाव्या शतकातील अमेरिकी तर्कशास्त्रज्ञ चार्ल्स सँडर्स पर्स (१८३९–१९१४) यांच्याकडे सापडते. बीजगणिताचे सूत्र हे शब्दांचे लघुरूप नसून ते एक चित्र आहे, असे त्यांचे म्हणणे होते. हे म्हणणे समजून घ्यायचे, तर आधी चिन्हांचा विचार करावा लागतो.

चिन्ह म्हणजे नेमके काय?

चिन्हे अर्थ कसा वाहून नेतात याचा अभ्यास करणाऱ्या शास्त्राला चिन्हमीमांसा म्हणतात. पर्स यांच्या मते चिन्हाच्या व्यवहारात तीन घटक असतात: स्वतः चिन्ह, ते ज्याच्या जागी उभे असते ती गोष्ट, आणि ते पाहणाऱ्याच्या मनात उमटणारा अर्थ. त्यांच्याच काळातील स्विस भाषाशास्त्रज्ञ फर्दिनांद द सोस्यूर यांनी शब्दाचे दोनच घटक मानले, ते म्हणजे ध्वनिरूप आणि कल्पना. भाषेच्या अभ्यासात ती मांडणी अधिक गाजली; गणितासाठी मात्र पर्स यांची मांडणी अधिक उपयोगी आहे, कारण चिन्ह आणि वस्तू यांचे नाते किती प्रकारचे असू शकते हे ती स्पष्ट करते.

असे प्रकार तीन आहेत. नकाशा प्रदेशासारखा दिसतो, म्हणून तो प्रदेशाचे चिन्ह होतो; ही प्रतिमा. धूर अग्नीमुळेच निर्माण होतो, छपरावरचा वातकुक्कुट, म्हणजे वाऱ्याची दिशा दाखवणारा कोंबडा, वाऱ्याच्याच जोराने वळतो आणि रोखलेले बोट त्या विशिष्ट वस्तूकडेच नजर नेते, हे निर्देशक. 'झाड' हा शब्द मात्र झाडासारखा दिसत नाही आणि झाडामुळे उत्पन्नही होत नाही. त्याचा अर्थ केवळ सर्वांनी मान्य केलेल्या रूढीवर उभा असतो. असे चिन्ह म्हणजे संकेत. एकाच चिन्हात हे तिन्ही गुण कमीअधिक प्रमाणात असू शकतात, ही गोष्ट येथे लक्षात ठेवावी, कारण पुढे तिचे काम पडणार आहे.

शब्दांत लिहिलेले समीकरण

नवव्या शतकात अल्-ख्वारिज्मी यांनी बीजगणितावर ग्रंथ लिहिला तेव्हा त्यात आजच्यासारखे एकही चिन्ह नव्हते. त्यांचा एक प्रसिद्ध प्रश्न असा: एका संख्येचा वर्ग आणि त्याच संख्येची दहापट मिळून ३९ होतात, तर ती संख्या कोणती? उत्तराची रीतही ते शब्दांतच सांगतात. दहाची निमपट पाच घ्यावी, तिचा वर्ग २५ हा ३९ मध्ये मिळवावा, ६४ येतील. त्यांचे वर्गमूळ ८, त्यातून ५ वजा करावेत, उरलेले ३ हे उत्तर. रीत अचूक आहे, पण ती का चालते हे या वाक्यांकडे कितीही वेळ पाहिले तरी उमगत नाही.

हे अल्-ख्वारिज्मी यांनाही ठाऊक असावे, कारण रीतीचे समर्थन करण्यासाठी त्यांनी आकृती काढली. अज्ञात संख्या ही बाजू असलेला एक चौरस घ्या. त्याच्या दोन लगतच्या बाजूंना प्रत्येकी पाच रुंदीचा एकेक आयत चिकटवा. दोन्ही आयत मिळून अज्ञाताची दहापट होतात. म्हणजे या संपूर्ण आकृतीचे क्षेत्रफळ ३९. आता आकृतीकडे नीट पाहिले, तर मोठा चौरस पूर्ण होण्यासाठी एका कोपऱ्यात पाच बाय पाचचा तुकडा कमी पडतो आहे हे डोळ्यांनाच दिसते. तो २५ चा तुकडा भरला की मोठ्या चौरसाचे क्षेत्रफळ ६४ होते आणि बाजू ८. शब्दांच्या रीतीत जो २५ अचानक अवतरतो, तो आकृतीत रिकाम्या कोपऱ्याच्या रूपाने आपली वाट पाहत असतो.

चिन्हांनी लिहिण्याची वाट ठिकठिकाणी निरनिराळ्या काळी उघडली गेली. ब्रह्मगुप्तांनी इसवी सन ६२८ मध्ये अज्ञात राशींना रंगांची नावे दिली, आणि भास्कराचार्यांच्या बीजगणितात (११५०) 'यावत्तावत्' या पहिल्या अज्ञातासाठी 'या', 'कालक' या दुसऱ्यासाठी 'का', 'नीलक' या तिसऱ्यासाठी 'नी' अशी आद्याक्षरे येतात. युरोपात बरोबरीचे चिन्ह १५५७ मध्ये रॉबर्ट रेकॉर्ड यांनी छापले. १५९१ मध्ये फ्रांस्वा व्हिएत यांनी अज्ञात राशींसाठी स्वर आणि ज्ञात राशींसाठी व्यंजने वापरली. या शेवटच्या पायरीचे महत्त्व मला सर्वांत अधिक वाटते, कारण १० आणि ३९ यांच्याही जागी अक्षरे आली की एक प्रश्न सोडवण्याऐवजी त्या जातीचे सगळे प्रश्न एकदम डोळ्यांसमोर उभे राहतात.

'हा तर निव्वळ संक्षेप झाला'

येथे एक रास्त आक्षेप येतो. 'अधिक' या शब्दाऐवजी एक फुली काढली आणि 'अज्ञात संख्या' याऐवजी 'क्ष' लिहिले, तर जागा वाचली, याहून अधिक काय साधले? लघुलिपीतही असेच होते, पण लघुलिपीत लिहिल्याने कोणाला नवे सत्य सापडल्याचे ऐकिवात नाही.

पर्स यांचे उत्तर या ठिकाणी कामी येते. प्रतिमेचा विशेष गुण त्यांनी असा सांगितला की, ती रचताना आपण जेवढे जाणत होतो त्याहून अधिक सत्ये तिच्याकडे पाहून शोधता येतात. नकाशा काढणाऱ्याने गावांच्या जागा मोजून नोंदवलेल्या असतात. पण कोणती तीन गावे एका सरळ रेषेत आहेत हे त्याने कुठेही नोंदवले नसले, तरी नकाशात ते दिसते. सूत्राचेही असेच असते. 'क्ष² + १०क्ष = ३९' यातील 'क्ष' हे अक्षर आणि अधिकची फुली हे रूढीने ठरलेले संकेत आहेत, हे मान्य. पण त्यांची मांडणी, म्हणजे कोण कोणाला गुणते, कोण दोनदा येते, काय बरोबरीच्या कोणत्या बाजूला आहे, ही राशींमधल्या संबंधांसारखीच असते. साम्य रूपात नसून रचनेत आहे.

दोन संख्यांच्या वर्गांमधील फरक हा त्यांची बेरीज आणि त्यांची वजाबाकी यांच्या गुणाकाराइतका असतो, हे वाक्य पाठ असूनही ९९७ गुणिले १००३ करताना ते सहसा आठवत नाही. 'अ² − ब² = (अ + ब)(अ − ब)' हे सूत्र डोळ्यांसमोर असले, की ९९७ म्हणजे १००० वजा ३ आणि १००३ म्हणजे १००० अधिक ३ हा आकार ओळखू येतो आणि उत्तर १०,००,००० वजा ९, म्हणजे ९,९९,९९१ असे तत्काळ मिळते. मनाने येथे केलेले काम आकार ओळखण्याचे आहे, आणि आकार ओळखायला चित्र लागते. पर्स यांनी स्वतः दोन अज्ञातांच्या जोडसमीकरणांचे उदाहरण दिले आहे: सारखे काम करणाऱ्या राशींना सारखी अक्षरे देऊन ती समीकरणे एकाखाली एक लिहिली की सगळी मांडणीच त्या संबंधांची आकृती होते.

अक्षर संख्येचेच असले पाहिजे का?

सूत्र हे रचनेचे चित्र असेल, तर तशीच रचना जेथे जेथे आढळेल तेथे ते लागू पडायला हवे, मग तेथे संख्या असोत वा नसोत. हा विचार मूर्त स्वरूपात येण्यासाठी एकोणिसावे शतक उजाडावे लागले. १८३० मध्ये जॉर्ज पीकॉक यांनी बीजगणिताचे नियम आणि अक्षरांचे अर्थ यांची फारकत करण्याचा प्रयत्न केला. १८४३ मध्ये विल्यम रोवन हॅमिल्टन यांनी तर असे बीजगणित उभे केले की ज्यात गुणाकाराचा क्रम बदलला तर उत्तर बदलते. बीजगणिताचे नियम एकच एक आणि अटळ आहेत ही समजूत त्यानंतर टिकणे कठीण होते.

विद्यापीठाची पदवी नसलेल्या जॉर्ज बूल यांनी १८४७ मधील एका छोट्या पुस्तकात आणि १८५४ मधील मोठ्या ग्रंथात अक्षरांना तर्कशास्त्रात आणले. त्यांच्याकडे 'क्ष' म्हणजे निवड करण्याची एक क्रिया होती. समजा, 'क्ष' म्हणजे सगळ्या वस्तूंमधून पांढऱ्या वस्तू निवडणे आणि 'य' म्हणजे गोल वस्तू निवडणे. मग 'क्षय' म्हणजे पांढऱ्या आणि गोल वस्तू. आता पांढऱ्या वस्तू निवडून झाल्यावर त्यांतून पुन्हा पांढऱ्या वस्तू निवडल्या, तर काय मिळेल? त्याच वस्तू मिळतील. म्हणून 'क्ष² = क्ष'. साध्या संख्यांमध्ये हा नियम फक्त ० आणि १ पाळतात, आणि बूल यांनी त्यांना अनुक्रमे 'काहीही नाही' आणि 'सर्व काही' असे अर्थ दिले.

यापुढची पायरी मला आजही विलक्षण वाटते. 'क्ष² = क्ष' हेच समीकरण 'क्ष(१ − क्ष) = ०' असेही लिहिता येते. '१ − क्ष' म्हणजे पांढऱ्या नसलेल्या सर्व वस्तू. तेव्हा हे समीकरण सांगते की, पांढरी आहे आणि पांढरी नाही अशी वस्तू असू शकत नाही. तर्कशास्त्रात आधारभूत मानला गेलेला विरोधाचा नियम येथे शाळकरी पद्धतीने एका ओळीत हाती येतो.

नेहमीचे युक्तिवादही असेच होतात. 'सर्व माणसे मर्त्य आहेत' याचा अर्थ, माणसांमधून मर्त्य निवडले तर सगळी माणसे उरतात: मा = मा·म. 'सर्व ग्रीक माणसे आहेत': ग = ग·मा. दुसऱ्या समीकरणात 'मा'च्या जागी 'मा·म' ठेवा; ग = ग·मा·म मिळते, आणि 'ग·मा' म्हणजे पुन्हा 'ग' असल्यामुळे ग = ग·म, म्हणजेच सर्व ग्रीक मर्त्य आहेत. हे रूप बूल यांचे जसेच्या तसे नाही, त्यांच्यानंतर विल्यम स्टॅन्ली जेव्हन्स यांनी केलेल्या सुलभीकरणाचे आहे. पण तत्त्व तेच, की समान गोष्टीच्या जागी समान गोष्ट ठेवायची.

घोड्याचे डोके

बूल यांच्या पद्धतीला एक साधे अनुमान मात्र जमत नव्हते. घोडा हा प्राणी आहे, म्हणून घोड्याचे डोके हे प्राण्याचे डोके आहे. यात कोणालाही शंका येणार नाही, तरीही जुन्या तर्कशास्त्राने ते सिद्ध करता येत नाही, असे ऑगस्टस द मॉर्गन यांच्या नावाशी जोडल्या गेलेल्या या उदाहरणातून दिसते. अडचण 'चे' या प्रत्ययात आहे. 'पांढरा' हा एका वस्तूचा गुण आहे, पण 'अमक्याचे डोके' हा दोन वस्तूंमधला संबंध आहे, आणि निवडीच्या बीजगणितात संबंधाला जागाच नव्हती. द मॉर्गन यांनी १८६० मध्ये संबंधांच्या तर्कशास्त्राची सुरुवात केली आणि पर्स यांनी १८७० पासून ते बीजगणितात बसवायला घेतले.

त्यातून निघालेली सर्वांत मोठी गोष्ट म्हणजे संख्यापक, अर्थात 'प्रत्येक' आणि 'कोणीतरी' यांचे काम करणारी चिन्हे. 'प्रत्येकाचे कोणावर तरी प्रेम असते' आणि 'कोणीतरी असा आहे की त्याच्यावर प्रत्येकाचे प्रेम असते' या दोन वाक्यांत शब्द जवळपास तेच आहेत, पण दुसरे विधान पहिल्यापेक्षा कितीतरी अधिक दावा करते. पर्स यांनी बेरजेसाठी वापरले जाणारे सिग्मा (Σ) हे ग्रीक अक्षर 'कोणीतरी'साठी आणि गुणाकाराचे पाय (Π) हे ग्रीक अक्षर 'प्रत्येक'साठी घेतले. ही निवड मनमानी नव्हती. खऱ्याला १ आणि खोट्याला ० मानले, तर सगळ्यांचा गुणाकार १ येण्यासाठी प्रत्येक घटक १ असावा लागतो. बेरीज शून्याहून मोठी येण्यासाठी मात्र एक घटकही पुरतो. चिन्हपद्धती शक्य तितकी प्रतिमेसारखी असावी म्हणून आपण ही अक्षरे घेत आहोत, असे त्यांनी १८८५ च्या निबंधात नमूद केले आहे.

त्याच निबंधात चिन्हांचे तिन्ही प्रकार एका सूत्रात एकत्र येतात. प्रेमाच्या संबंधासाठी एक अक्षर लिहायचे आणि त्याच्या पायाशी दोन बारीक अक्षरे, एक प्रेम करणाऱ्यासाठी आणि एक ज्याच्यावर प्रेम आहे त्याच्यासाठी. मोठे अक्षर हा संकेत. बारीक अक्षरे सर्वनामांप्रमाणे व्यक्तींकडे बोट दाखवतात, म्हणून ती निर्देशक. आणि कोणते चिन्ह आधी, कोणते नंतर, कोणते कोणाच्या कक्षेत, ही मांडणी म्हणजे प्रतिमा. वरच्या दोन वाक्यांतील फरक केवळ सिग्मा आणि पाय यांच्या क्रमात उतरतो आणि डोळ्यांना दिसतो. चिन्हमीमांसा, बीजगणित आणि तर्कशास्त्र हे तीन विषय पर्स यांच्यासाठी वेगळे नव्हते, हे या निबंधातून जितके स्पष्ट होते तितके इतरत्र क्वचितच होत असेल.

श्रेय फ्रेगे यांचे नाही का?

आहे. जर्मन गणितज्ञ गॉटलोब फ्रेगे यांनी १८७९ मध्ये, म्हणजे पर्स यांच्या आधी, संख्यापकांसह तर्कशास्त्राची संपूर्ण चिन्हभाषा प्रसिद्ध केली. पर्स आणि त्यांचे विद्यार्थी स्वतंत्रपणे त्याच ठिकाणी पोहोचले. परंतु फ्रेगे यांची लिपी पानभर पसरणाऱ्या रेषांची होती आणि ती पुढे कोणी उचलली नाही. आज प्रचलित असलेली एका ओळीत लिहायची पद्धत पर्स, त्यांच्यानंतर जर्मनीतील अर्न्स्ट श्रोडर आणि इटलीतील ज्युसेप्पे पेआनो यांच्या परंपरेतून आली. लिओपोल्ड लॉवेनहाइम यांचा १९१५ मधील महत्त्वाचा प्रमेय श्रोडर यांच्याच चिन्हांत लिहिलेला आहे.

पर्स यांच्या वाट्याला उपेक्षा आली, हेही सांगितले पाहिजे. जॉन्स हॉपकिन्स विद्यापीठातील त्यांची तर्कशास्त्राची अध्यापकी १८७९ ते १८८४ एवढीच टिकली आणि नंतर त्यांना कोणत्याही विद्यापीठात नियमित जागा मिळाली नाही. 'हेही नाही आणि तेही नाही' या एकाच क्रियेतून तर्कातील 'आणि', 'किंवा', 'नाही' यांसारखी सर्व जोडणी करता येते, हे त्यांनी १८८० मध्ये लिहून ठेवले. ते छापले गेले नाही, आणि या प्रकारचा निष्कर्ष १९१३ मध्ये हेन्री शेफर यांच्या नावाने प्रसिद्ध झाला. १८८६ मध्ये त्यांनी आपले विद्यार्थी अ‍ॅलन मार्क्वांड यांना पत्रातून कळवले की विजेच्या कळा एकापुढे एक जोडल्या तर 'आणि' आणि समांतर जोडल्या तर 'किंवा' मिळतो. ही कल्पना क्लॉड शॅनन यांनी १९३७ मध्ये आपल्या प्रबंधात स्वतंत्रपणे सविस्तर मांडली आणि संगणकांच्या रचनेचा पाया झाली.

बंद वळसा

सूत्र जर चित्रच आहे, तर सरळ चित्रच का काढू नये? १८९६ च्या सुमारास पर्स या प्रश्नाकडे वळले आणि त्यांनी 'अस्तित्व-आलेख' नावाची पद्धत तयार केली.

तिचे नियम थोडे आहेत. कोरा कागद घ्या. त्यावर जे लिहाल ते खरे म्हणून सांगितले, असे समजायचे. 'पाऊस पडतो आहे' आणि 'रस्ता ओला आहे' ही दोन विधाने शेजारी लिहिली, तर दोन्ही खरी. एखाद्या मजकुराभोवती बंद वळसा काढला, तर आतील गोष्ट खोटी. मग 'पाऊस पडत असेल तर रस्ता ओला असतो' हे कसे दाखवायचे? पाऊस पडतो आहे आणि तरीही रस्ता ओला नाही, असे घडत नाही, एवढेच आपल्याला म्हणायचे आहे. म्हणून एका मोठ्या वळशात 'पाऊस पडतो आहे' लिहायचे आणि त्याच वळशात आणखी एक छोटा वळसा काढून त्यात 'रस्ता ओला आहे' लिहायचे.

आता समजा, वळशाबाहेर कागदावर 'पाऊस पडतो आहे' हेही लिहिलेले आहे. पर्स यांचा एक नियम सांगतो की, जे बाहेर आधीच मान्य आहे त्याची आतील प्रत खोडता येते. ती खोडली की मोठ्या वळशात फक्त छोटा वळसा उरतो. दुसरा नियम सांगतो की, मध्ये काहीही नसलेले दोन वळसे एकमेकांना रद्द करतात, कारण 'नाही असे नाही' म्हणजे 'आहे'. दोन्ही वळसे पुसले की कागदावर उरते: रस्ता ओला आहे. अनुमान येथे खोडण्याच्या क्रियेत अक्षरशः डोळ्यांसमोर घडते. कागद, पेन्सिल आणि खोडरबर घेऊन हे एकदा स्वतः करून पाहावे, अशी माझी वाचकांना आग्रहाची विनंती आहे.

मग यंत्राला अर्थ कळतो का?

खोडण्याचे आणि पुसण्याचे हे नियम पाळायला पाऊस काय असतो हे ठाऊक असण्याची गरज नाही, हे वाचकांच्या लक्षात आले असेलच. यंत्र हे काम करू शकते ते यामुळेच. पर्स यांना याची पूर्ण जाणीव होती. जेव्हन्स आणि मार्क्वांड यांच्या तर्कयंत्रांविषयी त्यांनी १८८७ मध्ये लिहिले, तेव्हा अशा यंत्रांच्या दोन अंगभूत मर्यादा त्यांनी नोंदवल्या. पहिली, यंत्राला स्वतःची प्रेरणा नसते, आपला प्रश्न ते आपण होऊन शोधत नाही. दुसरी, ज्या तऱ्हेच्या कामासाठी ते बनवले असेल त्यापलीकडे ते जात नाही. पेन्सिल आणि भरपूर कागद असलेल्या मनाला मात्र तशी सीमा नसते.

या दुसऱ्या मर्यादेवर आज आक्षेप घेता येईल आणि तो मला रास्त वाटतो. २०२५ च्या ऑलिंपियाडमध्ये यंत्रांनी चिन्हभाषेच्या मध्यस्थीशिवाय, प्रश्न नेहमीच्या भाषेत वाचून, सहापैकी पाच प्रश्न सोडवले आणि सुवर्णपदकाच्या पातळीचे ३५ गुण मिळवले. एका ठरावीक चाकोरीत फिरणारे यंत्र हे पर्स यांच्यासमोरचे चित्र आता अपुरे पडते. आकार ओळखणे आणि मांडणीत नवे काही दिसणे, हे जे काम सूत्र पाहणाऱ्या मनाचे म्हणून वर सांगितले, त्याचा मोठा भाग यंत्रे करू लागली आहेत, हे मान्य करायलाच हवे.

चिन्हांच्या तीन प्रकारांपैकी निर्देशकाविषयी पर्स यांनी १८८५ मध्ये जे म्हटले, त्याची मात्र या प्रगतीने झीज झालेली नाही. खरे जग आणि कल्पनेतले जग यांतला भेद कोणत्याही वर्णनाने सांगता येत नाही, म्हणून भाषेला सर्वनामे आणि निर्देशक लागतातच, असे ते लिहितात. वर्णन कितीही बारीक केले, तरी ते दुसऱ्या एखाद्या कल्पित जगालाही तंतोतंत लागू पडू शकते. उत्तम नकाशावर प्रत्येक रस्ता असेल, प्रत्येक वळण असेल, पण 'तुम्ही येथे आहात' हे सांगणारा ठिपका त्या नकाशातून निघत नाही. तो त्या जागी उभ्या असलेल्या कोणीतरी लावावा लागतो.